काट्यावरून झुडूप ओळखा: दख्खनच्या कोरड्या माळावर पहिल्यांदा जाणाऱ्यांसाठी

सह्याद्री ओलांडून पूर्वेला उतरलं की पाऊस झपाट्याने ओसरतो. महाबळेश्वरला वर्षाकाठी पाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस होतो, आणि तिथून सरळ रेषेत शंभर किलोमीटरच्या आत असलेल्या माण तालुक्यात तो पाचशेच्या आसपास येतो. माण, खटाव, आटपाडी, जत, सांगोला, इंदापूर, बारामती, दौंड, कर्जत, करमाळा या पट्ट्यातलं रान उंच नाही, दाटही नाही, आणि त्यातल्या बहुतेक झुडपांना काटे आहेत. नवखा माणूस लांबून बघतो आणि ‘सगळ्या बाभळीच’ म्हणून मोकळा होतो. कागदोपत्री त्याच जमिनीला ‘पडीक’ म्हटलं जातं. दोन्ही घाईचे निष्कर्ष आहेत. चांगल्या राखलेल्या माळावर सकाळभर हिंडलं तर दहा-बारा जातींची काटेरी झाडंझुडपं नावानिशी ओळखता येतात, आणि ओळखीची सगळ्यात भरवशाची खूण म्हणजे काटा. पान उन्हाळ्यात गळून जातं, फूल वर्षातून थोडेच आठवडे असतं, काटा मात्र बाराही महिने जागेवर असतो.

कधी जायचं, बरोबर काय न्यायचं

पहिली फेरी सप्टेंबरअखेर ते नोव्हेंबर या काळात करा. पानं पूर्ण असतात, हिवराचा फुलोरा दिसतो, बोरीला कच्ची फळं धरलेली असतात. दुसरी फेरी फेब्रुवारी-मार्चमध्ये करा. तेव्हा बरीच झुडपं निष्पर्ण असतात आणि नेपतीसारखी पानाविना जगणारी झुडपं फुलांनी भरलेली असतात. एकाच झुडपाला या दोन ऋतूंत भेटलात की ते कायमचं लक्षात राहतं. वेळ सकाळची धरा. दहानंतर ऊन सोसवत नाही आणि भिंगातून बघायला हातही स्थिर राहत नाही.

बूट जाड तळव्याचेच हवेत. पातळ रबरी तळव्यातून हिंगणाचा किंवा विलायती बाभळीचा काटा आरपार येतो, चपलेचा तर विचारच नको. मोटारसायकल वाटेवरच ठेवा, माळात घालू नका. पंक्चरची कारणं तिथे पसरलेलीच असतात. ऑक्टोबरनंतर कुसळी गवत पिकतं आणि त्याची कुसळं लोकरी मोज्यातून, विणलेल्या कापडातून आत शिरत जातात. म्हणून घट्ट विणीची, गुळगुळीत कापडाची पँट घाला आणि बुटाच्या वर पट्टी गुंडाळा. पिशवीत दहापट मोठं दाखवणारं भिंग, सहा इंची पट्टी, तीस मीटरची टेप, बारीक टोकाचा चिमटा, सुई, छोटी कातर, वही-पेन्सिल आणि माणशी तीन लिटर पाणी एवढं असावं. जमीन वनखात्याची किंवा अभयारण्यातली असेल तर परवानगी आधी घ्या. रेहेकुरी, नान्नज, मयुरेश्वर या ठिकाणी मनाला येईल तसं वाट सोडून फिरता येत नाही, आणि ते योग्यच आहे. जमिनीवर अंडी घालणारे पक्षी तिथे आहेत.

आधी जागा लिहा: जमिनीचे आणि दाटीचे शब्द

झुडपाकडे वळण्याआधी ते कुठे उभं आहे ते एका ओळीत लिहा. त्यासाठी लागणारे शब्द गावोगाव वापरात आहेत, फक्त ते ठरवून वापरले पाहिजेत.

माळ म्हणजे उंचवट्याची, पातळ मातीची, मुख्यतः गवताची सपाट जमीन. झुडपं तिच्यावर विखुरलेली. बरड म्हणजे त्याहून वाईट, मुरूम-दगड वर आलेला, नांगर न चालणारा तुकडा. ओढाकाठ आणि घळ या जागा वेगळ्या लिहा, कारण तिथे माती खोल असते आणि बाभूळ उंच वाढते. तेच झाड बरडावर कमरेएवढं खुरटं राहतं. गायरान आणि कुरण हे शब्द जमिनीच्या वापराचे आहेत, वनस्पतींचे नाहीत. गायरान गावच्या गुरांना चरायला मोकळं, कुरण गवतासाठी राखलेलं. एकाच माळाचे दोन तुकडे, एक गायरान आणि एक कुरण, शेजारी असले तर झुडपांची उंची आणि गवताचे प्रकार डोळ्यांदेखत बदललेले दिसतात. शिकायला अशी जागा सगळ्यात चांगली.

दाटीसाठी तीन शब्द पुरतात. झुडपं सुटी, मधून माणूस सहज चालतो: विरळ. एकाच जातीची झुडपं एकमेकांत गुंतून बनलेला, वाकूनही आत शिरता येत नाही असा पुंजका: जाळी. करवंदाची जाळी, बोरीची जाळी असं आपण म्हणतोच. अनेक जातींचा काटेरी झाडोरा सलग पसरलेला: काटवण. गचपण हा शब्द ओलसर जागेतल्या वेलीझुडपांच्या दाटीला शोभतो, कोरड्या माळावर तो वापरू नका. वाचणाऱ्याच्या डोळ्यांपुढे भलतंच चित्र उभं राहतं.

सरकारी शब्दांचे अर्थ मात्र ठरलेले आहेत आणि ते सैलपणे वापरले तर गोंधळ होतो. देशाच्या वनसर्वेक्षणात झाडांच्या छत्राची घनता दहा टक्क्यांहून कमी असलेल्या वनजमिनीला ‘स्क्रब’ म्हणतात; दहा ते चाळीस टक्के असेल तर ते विरळ वन. वनखात्याच्या कार्ययोजनेत ‘६अ’ असा गट दिसला तर तो १९६८ सालच्या चॅम्पियन आणि सेठ यांच्या वर्गीकरणातला दक्षिणी उष्णकटिबंधीय काटेरी वनांचा गट समजावा. आणि विदर्भात ‘झुडपी जंगल’ हा महसुली नोंदीतला शब्द आहे. तिथे झुडूप दिसो वा न दिसो, सातबाऱ्यावर तशी नोंद असली की कायद्याचे परिणाम होतात. सर्वोच्च न्यायालयाने २२ मे २०२५ च्या निकालात पूर्व विदर्भातल्या झुडपी जंगलाच्या जमिनी वनजमिनी ठरवल्या आणि १२ डिसेंबर १९९६ पूर्वी इतर कामांसाठी दिल्या गेलेल्या जमिनींसाठी वेगळा मार्ग सांगितला. तेव्हा साताऱ्यातल्या माळाचं वर्णन करताना ‘झुडपी जंगल’ लिहू नका. ‘काटेरी झुडपांचा माळ’ लिहा.

काटा निघतो कुठून?

इथे वेळ द्या. हाताच्या उंचीवरची, गेल्या वर्षी फुटलेली फांदी निवडा. जुन्या खोडावर काटे झडलेले किंवा बुटके झालेले असतात, आणि शेळ्यांनी वारंवार खुडलेल्या फुटव्यावर ते नेहमीपेक्षा लांब आणि दाट येतात. दोन्ही ठिकाणी फसायला होतं. एका फांदीवर निदान पाच पेरी बघा, कारण जोडीतला एक काटा मोडलेला असणं अगदी नेहमीचं आहे. मग फक्त एवढं विचारा: काटा पानाच्या संदर्भात कुठे आहे?

पहिली शक्यता, काटे पानाच्या बुडाशी दोन बाजूंना जोडीने असतील. वनस्पतिशास्त्रात यांना उपपर्णांचे काटे म्हणतात; देठाच्या तळाशी असणाऱ्या दोन पानवजा भागांचं ते कठीण रूप. बाभूळ, हिवर, बोर, नेपती यांचे काटे असे. पान गळाल्यावरही दोन काट्यांच्या मधोमध देठाची खूण राहते, त्यामुळे उन्हाळ्यातही ही पारख चुकत नाही.

दुसरी शक्यता, काटा पान आणि फांदी यांच्या बगलेतून निघालेला असेल, किंवा फांदीचं टोकच टणक होऊन काटा झालेला असेल. हे फांदीचं रूपांतर. यात लाकूड असतं, त्यामुळे अंगठ्याने आडवा दाबला तर तो निखळत नाही, उलट अंगठ्यातच घुसतो. नीट बघा: अशा काट्यावर कधी बारीक पान, कधी कळी, कधी फूल आलेलं दिसतं. हेंकळीच्या काट्यावर पानं आणि फुलं दोन्ही सापडतात. हिंगण, गेळा, हेंकळ, करवंद, सिगमकाटी या वर्गात येतात. करवंदाचा काटा बऱ्याचदा टोकाशी दुभंगलेला असतो आणि फांदी मोडताच पांढरा चीक येतो. या दोन खुणांवर करवंद डोळे झाकून सांगता येतं.

तिसरी शक्यता, काटे पानाचा काही संबंध न ठेवता सालीवर कुठेही विखुरलेले असतील. अंगठ्याने बाजूला दाबलं की असा काटा टचकन निघतो आणि खाली स्वच्छ खूण राहते. शमी, म्हणजे आपल्याकडची सौंदड, चिलार आणि घाणेरी यांचे काटे असे. दसऱ्याला शमी म्हणून भलतंच झाड दाखवलं जातं तेव्हा हीच पारख कामी येते: पेरांच्या मधल्या जागेत बुडाशी रुंद, बुटके, सरळ काटे विखुरलेले असतील तरच ती शमी.

चौथी शक्यता, काटे पानावर किंवा फळावर असतील. त्यांच्याकडे पुढे येऊ.

या चौकटीत एक ठळक अपवाद बसत नाही, तो आत्ताच समजून घ्या. खैराचे काटे पेरापाशी जोडीने असतात, पण ते बाभळीसारखे सरळ नसतात, तर खाली वळलेले आकडे असतात; आणि ते उपपर्णांच्या जागी नसून किंचित खाली, सालीतून आलेले असतात. म्हणून ‘जोडी’ एवढ्यावर थांबू नका, काटा सरळ की आकडा तेही लिहा. आकड्याचे काटे कपडा ओढून धरतात. अडकलात तर जोर लावून पुढे जाऊ नका, एक पाऊल मागे या, आकडा आपोआप सुटतो.

फांद्यांवरचे काटे तपासताना त्यांवर टोचलेला नाकतोडा किंवा लहान सरडा दिसला तर ते खाटीक पक्ष्याचं काम. तो आपलं भक्ष्य काट्यावर अडकवून फाडतो, कधी तिथेच ठेवून देतो. अशा झुडपाची नोंद अवश्य करा, आणि तिथे फार वेळ घुटमळू नका.

बाभळींचा घोळ सोडवणं

नवख्यांच्या चुकांपैकी बहुतेक इथेच होतात, म्हणून चार झाडांच्या खुणा सविस्तर घेऊ.

बाभूळ: काटे सरळ, पांढुरके, जोडीने, कोवळ्या फांद्यांवर लांब. साल गडद, उभ्या भेगांची. फुलं गोल, पिवळीधमक, मंद वासाची. शेंग सगळ्यात पक्की खूण आहे: करडी, मऊ लव असलेली, दोन बियांच्या मध्ये खोल आवळलेली, मण्यांच्या माळेसारखी. ओढ्याकाठी सुरूसारखी सरळ उंच गेलेली बाभूळ दिसली तर ती रामकाठी; बाभळीचाच प्रकार आहे, वेगळं झाड समजू नका.

हिवर: काटे जोडीचेच आणि सरळ, पण झाड दुरूनच कळतं, कारण खोड फिकट, पिवळसर पांढरं असतं आणि माथा पसरट. पावसाळ्याच्या उत्तरार्धात फांद्यांच्या टोकांना मलईरंगी गोल फुलांचे मोठे झुपके येतात. बाभळीची फुलं फांदीभर पानांच्या बगलेत, हिवराची फांदीच्या शेंड्याला. हिवराला काही भागांत पांढरी बाभूळ म्हणतात ते सालीवरून.

खैर: काट्यांचे आकडे वर सांगितलेच. फुलोरा गोल नसतो, लांबट तुरा असतो. शेंग पातळ, चपटी, तपकिरी. जुन्या खोडाची साल पट्ट्यांनी सुटते. याच्या आतल्या तांबड्या लाकडापासून कात निघतो.

विलायती बाभूळ: अमेरिका खंडातलं झाड, भारतात एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मुद्दाम आणलेलं. फांद्या नागमोडी, काटे कधी जोडीने तर कधी एकेकटे. पान तोडून हातात घ्या. मुख्य देठावर उपशाखांच्या एक किंवा दोनच जोड्या असतात, कधी तीन, आणि त्यांवरच्या पर्णिका, म्हणजे पानाचे सुटे छोटे भाग, एक-दोन सेंटिमीटर लांब, एकमेकींपासून सुट्या. बाभळीच्या पानात उपशाखांच्या जोड्या जास्त असतात आणि पर्णिका अर्ध्या सेंटिमीटरच्या आसपास, दाटीने बसलेल्या. विलायतीचा फुलोरा लोंबता, पिवळट हिरवा तुरा; शेंग पिवळी, सरळ किंवा किंचित वाकलेली, गोडसर, मध्ये फारशी न आवळलेली. भर एप्रिलात सगळा माळ करपलेला असताना एखादं काटवण हिरवंगार दिसलं तर बहुधा ते विलायती बाभळीचंच.

‘वेडी बाभूळ’ हे नाव वहीत एकटं लिहू नका. कुठे विलायती बाभळीला वेडी म्हणतात, कुठे लोंबत्या बारीक पानांच्या, पिवळ्या पाकळीदार फुलांच्या पार्किन्सोनियाला. नावापुढे शेंगेची आणि फुलाची खूण लिहिली तर पुढे घोळ होत नाही.

शास्त्रीय नावांची पुस्तकं चाळताना आणखी एक अडचण येते. जुन्या पुस्तकांत बाभूळ, हिवर, खैर सगळे ‘अ‍ॅकेशिया’ या प्रजातीत आहेत. २००५ च्या व्हिएन्ना इथल्या वनस्पतिशास्त्र परिषदेनंतर अ‍ॅकेशिया हे नाव ऑस्ट्रेलियातल्या झाडांकडे राहिलं. आपली बाभूळ आणि हिवर व्हॅचेलिया झाले, खैर सेनेगालिया झाला. झाड तेच आहे. विलायती बाभळीलाही आता प्रोसोपिसऐवजी नेल्टुमा म्हटलेलं आढळेल. शमी मात्र प्रोसोपिसच राहिली.

सिगमकाटीलाही बाभूळ समजतात, कारण पान तसंच बारीक. तिचा काटा फांदीचं टोक असतो, आणि फुलोरा दुरंगी: लोंबत्या तुऱ्याचा वरचा भाग गुलाबी-जांभळट, खालचा पिवळा. हा फुलोरा एकदा पाहिला की पुन्हा चूक होत नाही.

बाकीची काटेरी मंडळी

बोर सोपी आहे. जोडीतला एक काटा सरळ आणि एक वाकडा, पानाच्या बुडापासून निघालेल्या तीन ठळक शिरा, पानाची खालची बाजू पांढुरक्या लवेची. गुडघाभर पसरलेलं, बारीक पानांचं, वाटाण्याएवढ्या फळांचं झुडूप असेल तर ती चणीबोर. घटबोराची फळं लाकडासारखी टणक असतात, खायला उपयोगाची नाहीत. बोरीच्या काटेरी फांद्यांना बोराटी म्हणतात आणि शेताच्या वईला, म्हणजे काटेरी कुंपणाला, त्या बाभळीच्या फांद्यांपेक्षा अधिक पसंत केल्या जातात, कारण वाकड्या काट्यांमुळे त्या एकमेकींत अडकून बसतात, वाऱ्याने हलत नाहीत.

नेपती लांबून हिरव्या काड्यांचा गुंता दिसते. पानं फक्त कोवळ्या फुटीवर, तीही थोडे दिवस. अन्न बनवण्याचं काम हिरव्या फांद्याच करतात. फुलं विटकरी तांबडी, फळं गुलाबी-लाल. तिच्याच कुळातला पाचुंदा छोटं झाड होतो, त्याला पानं असतात. आणि वाघाटी वेलीसारखी चढते, काटे आकड्यांचे. आषाढी द्वादशीला जिची भाजी करतात तीच ही वाघाटी.

हिंगणाला प्रत्येक देठावर दोनच पर्णिका, करडट हिरव्या. काटा हिरवा, सरळ, बगलेतला, सहज चार-पाच सेंटिमीटरचा. फळाच्या गराचा पाण्यात फेस होतो. पूर्वी कपडे धुवायला वापरत. हेंकळीची पानं पुंजक्याने, टोकाशी रुंद, आणि कोवळ्या फांद्या तांबूस. गेळ्याची पानंही पुंजक्याने असतात, त्यामुळे दोन्हींत गफलत होते. फळ असेल तर प्रश्न मिटतो, गेळफळ लिंबाएवढं पिवळं, हेंकळीचं फळ वाटाण्यासारखं लहान. गेळफळ खाऊन बघू नका, आयुर्वेदात ते ओकारी करवण्यासाठीच वापरतात.

सगळ्याच झुडपांना काटे नसतात. पिवळ्या फुलांचा तरवड आणि चिकाळ रुई काट्यांवाचून टिकतात, कारण गुरं त्यांना तोंड लावत नाहीत. एखाद्या गायरानावर तरवड आणि रुईच भरपूर दिसत असेल तर चराई जड आहे असं लिहायला हरकत नाही.

निवडुंग: दूध येतं की पाणी?

निवडुंग या एका नावाखाली दोन वेगळी कुळं आहेत. दोन्हींना काटे, दोन्ही मांसल, पण आपापसांत काही नातं नाही.

देशी निवडुंग आणि तिधारी हे युफोर्बिया कुळातले. यांना काटे जोडीने, उंचवट्यावर, आणि खोडाला टोचलं तर दाट पांढरा चीक. फड्या निवडुंग अमेरिकेतून आलेला, खऱ्या कॅक्टस कुळातला. चपटे फडे, काट्यांचे पुंजके, चीक नाही, पाणचट रस. पुंजक्याच्या बुडाशी पिवळट केसांसारख्या बारीक कुसांचा झुबका असतो. भिंगातून बघा, प्रत्येक कुशीला मागे वळलेले दाते दिसतात. म्हणूनच ती कातडीत शिरते पण निघत नाही. मोठा काटा लगेच दिसतो, त्रास देतात त्या या कुशी. हात लावून तपासायचा मोह आवरा. चिमट्याने एक पुंजका उपटा आणि कागदावर ठेवून बघा.

चीक तपासताना काडीने ओरखडा काढा, तोंड लांब ठेवा. डोळ्यात गेलेला युफोर्बियाचा चीक दृष्टीला इजा करू शकतो. कुंपणाला लावलेला शेर बिनकाट्याचा आहे, पण त्याचा चीकही तितकाच घातक.

पायाखाली बघा

चौथ्या प्रकारचे काटे इथे असतात. सराटा जमिनीलगत पसरतो, फूल पिवळं, फळाला टणक शिंगं. चप्पल आणि सायकलचं चाक यांचा हा शत्रू. औषधी गोखरू तो हाच. भुईरिंगणीच्या पानांवर, शिरांवर पिवळे सरळ काटे, फूल जांभळं. उटकटारीला निळसर पांढरा गोल काटेरी बोंड. पिवळा धोतरा अमेरिकेतला, पानं पांढऱ्या शिरांची, रस पिवळा. त्याचं बी मोहरीत मिसळलं तर तेल विषारी होतं. काटेकोरांटीची फुलं नारिंगी पिवळी, काटे मात्र पानांच्या बगलेत. ही सगळी छोटी रोपं आहेत, त्यांची यादी झुडपांच्या यादीपासून वेगळी ठेवा.

दाटी मोजायची रीत

‘बरीच झुडपं’ या शब्दांना अर्थ नाही. टेप घ्या. माळावर दिशा आधी ठरवा, झुडपं बघून ठरवू नका, नाहीतर हात आपोआप दाटीकडे वळतो. तीस मीटर टेप सरळ जमिनीवर पसरा. टेपवर ज्या ज्या झुडपाचा पसारा येतो त्याची सुरुवात आणि शेवट टेपवर वाचून लिहा, पुढे जात लिहा. दोन झुडपांचे पसारे एकमेकांवर आले तर एकूण दाटीसाठी ती लांबी एकदाच धरा. जातवार हिशेबात मात्र प्रत्येकाची स्वतंत्र. समजा २.४, १.१, ३.७ आणि ०.९ मीटर अशी मापं आली. बेरीज ८.१. भागिले ३०, गुणिले १००, म्हणजे झुडपांचं आच्छादन २७ टक्के.

एका रेषेवर विसंबू नका. एका माळावर निदान पाच रेषा, एकमेकींपासून पन्नास पावलांवर. उंचीसाठी प्रत्येक झुडपापुढे गुडघा, कंबर, डोकं, त्याहून वर अशी चारपैकी एक नोंद पुरे. गवतासाठी त्याच टेपवर दर सहा मीटरवर एक मीटर चौरस आखून कुसळी, इतर गवत आणि उघडी जमीन यांचा अंदाज लिहा. हा भाग वगळू नका. माळढोक, तणमोर, धाविक, चिंकारा, लांडगा यांना लागणारा माळ म्हणजे गवत आणि विरळ झुडपं यांचं मिश्रण. फक्त झुडपं मोजून ‘रान वाढलं’ असं लिहिणाऱ्याला गवत हटल्याचं कळतच नाही. मोकळा माळ दिसला की तिथे खड्डे खणून झाडं लावण्याचा उत्साह याच अज्ञानातून येतो, आणि त्यात माळावरचे पक्षी आपली जागा गमावतात.

नावं कोणाला आणि कशी विचारायची

मेंढपाळ आणि शेळ्या राखणारी माणसं हा झाडोरा सगळ्यात बारकाईने ओळखतात. ‘हे काय आहे?’ एवढं विचारून थांबू नका. ‘शेळी हे खाते का, कोणत्या महिन्यात?’, ‘वईला चालतं का?’, ‘जळण कसं?’ असे प्रश्न विचारले की नावाबरोबर झाडाचं वागणंही कळतं. कॅमेऱ्यातला फोटो दाखवून विचारू नका, फांदी हातात द्या. माणूस पान चुरगळून, वास घेऊन सांगतो. दोन गावांत दोन नावं मिळाली तर दोन्ही गावाच्या नावासकट लिहा. खोडून एकच ‘बरोबर’ ठरवायची गरज नाही.

विलायती बाभूळ काढायची असेल तर

शिकलेलं लगेच वापरण्याची ही जागा. बुडातून तोडणं हा उपाय नाही. तोडलेल्या बुंध्यातून अनेक फुटवे येतात आणि एका खोडाच्या झाडाची आडवी पसरलेली जाळी बनते. गुडघ्याएवढी रोपं पहिल्या चांगल्या पावसानंतर, माती ओली असताना, मुळासकट उपटा. मोठ्या झाडाचा बुंधा आणि मुळाचा वरचा गड्डा, साधारण वीतभर ते दीड वीत खोल, खणून बाहेर काढा. फुटवे याच भागातून येतात. पुढचे दोन पावसाळे त्या जागी फेरी मारून नवी रोपं काढत राहा, कारण मातीत बी शिल्लक असतं. शेंगा पिकण्याआधी काम उरका. शेळ्या-गुरं पिकलेल्या शेंगा आवडीने खातात आणि बी शेणालेंड्यांतून न पचता बाहेर पडतं; कुंपणाआड, ओढ्याकाठी, गोठ्याभोवती जिथे तिथे उगवतं ते यामुळे.

एका वर्षात सगळा माळ साफ करू नका. अनेक घरांची चूल याच लाकडावर पेटते, आणि पक्षीही आता त्यात घरटी करतात. पट्ट्यापट्ट्याने काढा, मोकळ्या झालेल्या पट्ट्यात गवत स्थिरावू द्या, हिवर-बोर-हेंकळीची आपोआप आलेली रोपं राखा, मग पुढचा पट्टा घ्या. तोडणाऱ्यांना आधी दोन फांद्या, बाभळीची आणि विलायतीची, हातात देऊन फरक दाखवा. हे न केल्याने देशी बाभळी आणि हिवर कुऱ्हाडीखाली जातात.

काटा रुतला तर

काट्याचा नायटा होतो तो दुर्लक्षामुळे. काटा ज्या दिशेने गेला त्याच दिशेने, उलटा, चिमट्याने ओढा; वाकडा ओढला तर टोक आत मोडतं. चिमटा आणि सुई आधी उकळून किंवा स्पिरिटने पुसून घ्या. काटा निघाल्यावर जखम दाबून थोडं रक्त काढत बसू नका, साबण-पाण्याने धुवा. धनुर्वाताचं इंजेक्शन शेवटचं कधी घेतलं ते आठवत नसेल तर त्याच दिवशी दवाखाना गाठा. बोटाच्या किंवा गुडघ्याच्या सांध्याजवळ काटा घुसला आणि दोन-तीन दिवसांनी सांधा सुजून दुखू लागला तर आत तुकडा राहिला आहे असं समजून डॉक्टरांकडे जा, घरी कोरू नका.

फड्या निवडुंगाच्या कुशी चोळू नका. चिकटपट्टी दाबून झटकन ओढा, राहिलेल्या भिंगाखाली चिमट्याने एकेक काढा. डोळ्यात चीक गेला तर डोळा उघडा धरून स्वच्छ पाण्याची धार किमान पंधरा-वीस मिनिटं सोडा आणि थेट नेत्रतज्ज्ञांकडे जा. बरोबरच्या तीन लिटरपैकी एक लिटर पाणी परत येईपर्यंत पिऊन संपवायचं नाही, ते यासाठीच.